दर दहा मिनिटांनी एक प्रसंग: जवळिकीचं दृश्य लिहायला आणि बसवायला जपानी सिनेमाकडून काय घ्यावं

सांगली-साताऱ्यातली एकांकिका आणि लघुपट करणारी मंडळी भांडणाचा प्रसंग झकास बसवतात, मरणाचा त्याहून झकास. पण नवरा-बायको एका खोलीत एकमेकांजवळ आली की गाडी अडते. लेखक ‘दिवा मालवतो’ एवढं लिहून मोकळा होतो, दिग्दर्शक पार्श्वसंगीत वाढवतो आणि कलाकार प्रेक्षकांत कोणाच्या घरचं कोण बसलंय या काळजीने अवघडून जातात. यातून बाहेर पडायचं तर ज्या सिनेमाला हा प्रसंग टाळायची मुभाच नव्हती, त्याचा अभ्यास करावा. १९७१ ते १९८८ या काळात जपानच्या निक्कात्सु स्टुडिओने ‘रोमान पोर्नो’ या नावाने काढलेले सिनेमे तसे आहेत.

निक्कात्सु ही १९१२ सालची कंपनी. १९७१ मध्ये ती दिवाळ्याच्या काठावर आली तेव्हा मोठे खर्च सोडून तिने प्रौढांसाठी कमी खर्चातले सिनेमे काढायचं ठरवलं. त्याच नोव्हेंबरात पहिला सिनेमा लागला. अटी मोजक्या होत्या: लांबी साधारण सत्तर मिनिटं, चित्रीकरण आठवडा-दहा दिवसांत आणि अंदाजे दर दहा मिनिटांनी एक शय्याप्रसंग. बाकी गोष्ट कोणतीही सांगा, कशीही सांगा. कॅमेरामन, नेपथ्यकार, प्रकाशवाले मात्र त्याच स्टुडिओत मुरलेले होते, त्यामुळे स्वस्तातला सिनेमा दिसायला स्वस्त नव्हता. प्रसंग सगळे अभिनयाने उभे केलेले असत. कलाकारांच्या अंगावर झाकणाऱ्या पट्ट्या असत आणि वर एरिन या परीक्षण संस्थेची नजर. तरी १९७२ मध्ये पोलिसांनी कारवाई केलीच. तो खटला १९८० मध्ये निर्दोष सुटकेने संपला.

आता हिशेब करा. सत्तर मिनिटांत सहा-सात शय्याप्रसंग. सगळे सारखेच असले तर तिसऱ्यालाच प्रेक्षक कंटाळणार. म्हणून चांगल्या दिग्दर्शकांनी प्रत्येक प्रसंगाला वेगळं काम दिलं. एकात खोटं पकडलं जातं, दुसऱ्यात कोणाचा तरी वरचष्मा जातो, तिसऱ्यात निरोप होतो आणि तो निरोप आहे हे दोघांपैकी एकालाच ठाऊक असतं. प्रसंग सुरू होताना दोघांमध्ये जे नातं असतं, ते संपताना तसंच राहिलं तर तो प्रसंग वाया गेला असं समजा. तुमच्या वीस मिनिटांच्या लघुपटात असा एकच प्रसंग असला तरी हिशेब हाच.

काय बघायचं, कसं बघायचं

तीन सिनेमे पुरे. पहिला तात्सुमी कुमाशिरो यांचा १९७२ चा ‘इचिजो सायुरी: नुरेता योकुजो’. यात इचिजो सायुरी ही खरी रंगमंच-नर्तकी स्वतःच्याच भूमिकेत आहे आणि तिच्यावर जळणारी तरुण नर्तकी हिरोको इसायामा यांनी केली आहे. या कामासाठी इसायामांना ‘किनेमा जुन्पो’ या जपानमधल्या नामांकित चित्रपट-नियतकालिकाचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. हा सिनेमा मत्सरासाठी बघा. शरीर दिसत असताना चेहरा दुसऱ्याच कोणाशी स्पर्धा करत असतो. दुसरा त्यांचाच १९७३ चा ‘योजोहान फुसुमा नो उराबारी’. साडेचार चटयांची खोली, एक गेइशा (जपानी कलावंतीण), एक गिऱ्हाईक आणि बाहेर १९१८ च्या, तांदळाचे भाव भडकल्याने पेटलेल्या दंगलींचा जपान. जुन्को मियाशिता यांचं काम एका खोलीत बसून किती करता येतं हे दाखवतं. तिसरा शिन्जी सोमाई यांचा १९८५ चा ‘लव्ह हॉटेल’, लांबलचक अखंड शॉट कसे तोलायचे यासाठी.

प्रत्येक सिनेमा अभ्यासायचा तर निवडलेला प्रसंग तीनदा बघा. एकदा सरळ. दुसऱ्यांदा आवाज बंद करून, फक्त हात आणि मान कुठे जातात ते टिपत. तिसऱ्यांदा पडद्यावर कापड टाकून, नुसता आवाज ऐकत. वहीत चार रकाने आखा: कोणाला काय हवंय, कोण काय लपवतंय, सुरुवात कोण करतं, संपल्यावर काय बदललं. चौथा रकाना रिकामा राहिला तर तो प्रसंग फक्त अट पुरी करण्यासाठी घातलेला आहे. असे प्रसंगही या सिनेमांत ढिगाने आहेत आणि ते ओळखता येणं हासुद्धा अभ्यासच. बघणारे सगळे अठराच्या वरचे हवेत, आणि ज्याला बघायचं नाही त्याला कारण विचारू नका.

एक गोष्ट ठणकावून सांगायला हवी. या सिनेमांत बळजबरीचे प्रसंग भरपूर आहेत आणि काहींत बळजबरीनंतर बाई त्या माणसात गुंतते असंही दाखवलंय. ते खोटं आहे आणि घातक आहे. त्यातलं तंत्रसुद्धा उचलायचं कारण नाही.

संहिता: एक प्रसंग, सहा पायऱ्या

उदाहरण इथलंच घेऊ. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ कृष्णेचं पाणी सत्तावन्न फुटांवर गेलं होतं आणि गावभागातल्या घराघरात शिरलं होतं. समजा गोष्टीतलं जोडपं, सुमन आणि विलास, दोन महिन्यांनी वाड्यातल्या आपल्या खोलीत परत आलंय. भिंतीवर पाण्याची रेघ आहे, गादी नवी आहे. मुलीची फी भरायला सुमनने पाटल्या गहाण टाकल्यात आणि नवऱ्याला सांगितलंय की त्या तासगावला आईकडे ठेवल्यात. हा प्रसंग असा लिहावा:

१. विलास भिंतीच्या पोपड्यांबद्दल बोलतो. सुमन उशीला अभ्रा घालते. दोघांमध्ये चार फूट.

२. दिवा सुमन घालवते. आपण होऊन, त्याचं वाक्य अर्धवट असताना.

३. तो जवळ येतो, कपाळ तिच्या खांद्यावर टेकवतो. ती प्रसंगात पहिल्यांदाच पूर्ण श्वास सोडते.

४. त्याचा हात तिच्या मनगटावर येतो. अंगठा पाटलीच्या जागी जातो आणि थांबतो. दोन श्वास जातात.

५. ती बोलत नाही. दुसरं मनगट त्याच्या हातात देते.

६. “कुठल्या सराफाकडं?” “झोपा आता.” तो मनगट सोडत नाही.

दिवा घालवणं इथे लाजेपोटी नाही, मनगट दिसू नये म्हणून आहे. तो तपासायला गेलेला नाही, मायेनेच हात पुढे करतो आणि त्या मायेतच खोटं उघडं पडतं. पाचवी पायरी म्हणजे कबुली, आणि ती शब्दांत लिहिली असती तर भांडणाचा प्रसंग झाला असता. सहाव्या पायरीवर नातं बदललेलं आहे: आता दोघांनाही कळलंय की एकमेकांपासून लपवता येतं. पुढची सगळी गोष्ट यावर चालते. प्रसंग काढून टाकला तर गोष्ट अडते का, एवढी एकच परीक्षा लावा. न अडल्यास काढून टाका, कितीही सुंदर लिहिलेला असो.

लिहिताना एका ओळीत एकच कृती ठेवा आणि ती क्रियापदाने संपवा. ‘उत्कट’, ‘आवेगाने’, ‘धुंद’ असे शब्द संहितेत आले की तालमीत प्रत्येकाचा अर्थ वेगळा निघतो. कोणता हात, कुठे, किती वेळ आणि आधी कोण, हे लिहा. हा तपशील कागदावर असला म्हणजे कलाकाराला होकार किंवा नकार देण्यासाठी हातात ठोस काहीतरी असतं. ‘प्रणयदृश्य’ एवढ्याच शब्दाला होकार मागणं अन्यायाचं आहे.

अशा प्रसंगात हमखास सुटणारा भाग म्हणजे नंतरची दोन मिनिटं. तांब्यातून पाणी पिणं, केस बांधणं, शर्टाची घडी, कूस बदलणं. या जपानी सिनेमांतला बराचसा खरा अभिनय तिथे आहे. जवळिकीच्या वेळी पात्रं एकमेकांत गुंतलेली असतात, नंतर ती एकेकटी होतात आणि चेहऱ्यावर जे येतं ते प्रेक्षक घरी घेऊन जातो. संहितेत त्या दोन मिनिटांना वेगळं पान द्या.

होकार आधी, तारीख नंतर

जपानमध्ये जून २०२२ मध्ये प्रौढ व्हिडिओत काम करणाऱ्यांसाठी संरक्षण-कायदा आला. तिथे प्रौढत्वाचं वय वीसवरून अठरावर आल्यावर कोवळ्या वयातल्या कलाकारांना करार रद्द करायचा जुना आधार उरला नव्हता, म्हणून तो तातडीने झाला. त्यातल्या मुदती बघण्यासारख्या आहेत: करार हातात दिल्यापासून एक महिना चित्रीकरण करायचं नाही, चित्रीकरण संपल्यापासून चार महिने प्रदर्शित करायचं नाही, प्रदर्शनानंतर एक वर्षापर्यंत कलाकार कारण न देता करार मोडू शकतो आणि करारात लिहिलेली कृतीसुद्धा ऐनवेळी नाकारू शकतो.

आपला लघुपट त्या प्रकारात मोडत नाही. तरी यातून छोट्या संस्थेला नेमकी पद्धत मिळते. पूर्ण लिहिलेला प्रसंग कलाकाराला द्या आणि पंधरा दिवस काही विचारू नका. मग दिग्दर्शकाने नव्हे, तर कलाकाराला मोकळेपणाने बोलता येईल अशा तिसऱ्या माणसाने, शक्यतो स्त्रीने, प्रत्येकाशी स्वतंत्र बसावं. माणसाच्या आकृतीची समोरून आणि मागून अशी दोन चित्रं कागदावर काढा. कलाकाराने तीन रंग भरायचे: इथे स्पर्श चालेल, इथे दरवेळी विचारून, इथे नाही. दोघांचे कागद एकमेकांना दाखवा आणि जे दोघांनाही चालतंय तेवढ्यावरच प्रसंग बसवा. संहितेतली कृती त्यात बसत नसली तर संहिता बदला. वर दिलेल्या प्रसंगाला खांदा आणि मनगट एवढंच लागतं, हे मुद्दाम पाहून ठेवा.

लेखी करारात या गोष्टी हव्यात: वयाचा पुरावा, नेमक्या कृतींची यादी, कपडे कोणते आणि किती, सेटवर कोण असणार, फुटेज कोणाकडे राहणार, ट्रेलर आणि पोस्टरमध्ये हा प्रसंग वापरायचा की नाही, आणि अंतिम संकलन आधी दाखवून घेतलेली मान्यता. छोट्या गावात पोस्टर फार महत्त्वाचं आहे. सिनेमा दोनशे लोक बघतात, पोस्टर व्हॉट्सअ‍ॅपवर अख्खा तालुका बघतो.

‘थांब’ हा शब्द सगळ्यांसाठी ठरवून टाका. कोणीही तो उच्चारला की शॉट तिथेच संपतो, बाजू मांडावी लागत नाही आणि दिवसाअखेर त्यावर बोलणंही होत नाही.

अभिनय: बैठकीच्या लावणीची वाट

या बाबतीत जपानपेक्षा वाई जवळ आहे. यमुनाबाई वाईकर (१९१५–२०१८, पद्मश्री २०१२) ज्या बैठकीच्या लावणीसाठी नावाजल्या, तिच्यात गायिका बसूनच असते आणि एकच ओळ पुन्हा पुन्हा घेत दरवेळी तिचा भाव बदलते. नजर, मान आणि मनगट एवढ्यावर अदाकारी चालते. १९७३ च्या त्या सिनेमातल्या साडेचार चटयांच्या खोलीतही हेच आहे. म्हणून तालमीची सुरुवात तिथून करा.

दोघांना समोरासमोर मांडी घालून बसवा, मध्ये तीन फूट. एकाने “आज राहा ना” एवढंच वाक्य पाच वेळा म्हणायचं: हुकूम म्हणून, विनवणी म्हणून, परीक्षा घेत, चेष्टेत आणि शेवटी निरोप म्हणून. कमरेखाली हालचाल नाही, हात मांडीवरून उठवायचा नाही. समोरच्याने उत्तर द्यायचं नाही, फक्त ऐकायचं. मग अंतर एक फुटावर आणा आणि तेच करा. एक फुटावर आवाज आपोआप खाली येतो आणि रंगमंचावर सवयीने येणारी फेक गळून पडते. भाव आधी चेहऱ्यावर चढवून वाक्य म्हणणारा कलाकार इथे पकडला जातो. त्याला भाव सांगू नका, हेतू सांगा. ‘दुःखी हो’ म्हटलं की भुवया वर जातात. ‘तिला गाडी चुकवायला लाव’ म्हटलं की वाक्य जिवंत होतं.

पुढची पायरी श्वासाची. स्पर्श झाला की नवखा कलाकार श्वास रोखतो, खांदे वर जातात आणि प्रेक्षकाला ती भीती वाटते. उपाय सोपा आहे: स्पर्श नेहमी श्वास सोडताना घ्यायचा. चार आकड्यांत श्वास घ्या, सहा आकड्यांत सोडा, आणि सोडतानाच्या दुसऱ्या आकड्याला हात टेकवा. हे जमलं की प्रत्येक पात्राला त्याचा श्वास ठरवून द्या. लपवणाऱ्याचा श्वास वरचा आणि आखूड, निर्धास्त माणसाचा पोटातून. पूर्ण प्रसंगात श्वास एकदाच बदलायचा, जिथे नातं बदलतं तिथे. सुमनचा तिसऱ्या पायरीवर सुटतो, पण विलासचा चौथ्या पायरीवर अडकतो. दोघांचे श्वास एकमेकांवरून ओलांडून जातात तिथे प्रसंगाचा कणा आहे, आणि दिग्दर्शकाने मॉनिटरवर तेवढंच पाहावं.

कण्हणं, उसासे असे आवाज कलाकाराकडून शॉटमध्ये मागू नका. नवखा माणूस ते प्रेक्षकांसाठी काढतो आणि समोरच्या कलाकाराला ते ऐकून अवघडायला होतं. जपानचे हे सिनेमे बहुतांशी आवाज न घेता चित्रित व्हायचे, आवाज मागाहून डबिंगमध्ये भरला जायचा. त्याचा एक फायदा अभिनयाला झाला. शॉट चालू असताना चेहऱ्याला आवाजाचं ओझं नसे. आपणही तेच करावं.

तालमी आणि खोली

एकेक तासाच्या सहा तालमी धरा. पहिल्या दोन वर सांगितलेल्या बैठकीच्या. तिसरीत स्पर्श न करता, एक वीत अंतर ठेवून सगळ्या हालचाली. चौथीत आकडे मोजत स्पर्श: ‘एकला हात, तीनला अंगठा, पाचला थांबणं’. पाचवीत आकडे मनात. सहावी प्रत्यक्ष जागेवर, कॅमेरामनसह. यापेक्षा जास्त केल्या तर प्रसंग कवायतीसारखा होतो, कमी केल्या तर कलाकार पुढची कृती आठवत राहतात आणि डोळे रिकामे दिसतात. कलाकारांनी एकट्याने, दिग्दर्शकाशिवाय किंवा घरी तालीम करायची नाही. हा नियम दोघांच्याही भल्याचा आहे.

सेटवर सहाच माणसं: दिग्दर्शक, कॅमेरामन, ध्वनी, एक सहायक, कपड्यांचं बघणारी बाई आणि होकाराच्या वेळी कलाकारांशी बोललेली ती तिसरी व्यक्ती. बाकीचे वाड्याबाहेर. सगळ्यांचे मोबाईल एका पिशवीत, पिशवी कुलपात. ‘कट’ झाल्यावर पाच सेकंदांत कलाकाराच्या अंगावर शाल पडली पाहिजे. ती धरून उभं राहायची जबाबदारी एकाच माणसाची असावी, दोघांवर टाकली की कोणीच धरत नाही.

साडेचार चटया म्हणजे साधारण नऊ फूट बाय नऊ फूट. गावभागातल्या किंवा खणभागातल्या जुन्या घरात एवढी खोली सहज मिळते. पण तेवढ्यात कॅमेरा मागे न्यायला जागा उरत नाही, म्हणून मोह वाइड लेन्सचा होतो. तो टाळा. अठरा मिलिमीटरच्या लेन्सने जवळचा हात अवाढव्य आणि चेहरा ताणलेला दिसतो. एपीएस-सी (मध्यम आकाराच्या सेन्सरच्या) कॅमेऱ्यावर पस्तीसची लेन्स लावा, दार काढून कॅमेरा उंबऱ्याबाहेर न्या आणि चौकटीचा थोडा भाग फ्रेममध्ये राहू द्या. प्रेक्षक दारात उभा राहतो, आत घुसत नाही.

शॉट अखंड घ्या, तीन-साडेतीन मिनिटांचा. तुकडे केले की दर तुकड्याला कलाकाराला त्याच अवस्थेत परत जावं लागतं, आणि तिसऱ्या टेकनंतर तो अभिनय न राहता नक्कल होते. दोन अखंड टेक मिळाले की थांबा. मनगटाचा जवळचा शॉट मागाहून स्वतंत्र घ्या, त्यासाठी दोघांचे चेहरे लागत नाहीत.

उजेडाला एकच स्रोत पुरे: खिडकीबाहेरून रस्त्याच्या दिव्यासारखा, २७०० ते ३००० केल्विनचा, म्हणजे पिवळसर, एलईडी. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे २५ फ्रेमला शटर १/५० ठेवा, नाहीतर उजेड लुकलुकतो. डिमरवर अर्धा केलेला स्वस्तातला बल्ब मात्र तरीही लुकलुकतो. तो पूर्ण चालू ठेवून समोर ट्रेसिंग पेपर लावणं बरं.

ध्वनीसाठी इथली अडचण वेगळीच. गळीत हंगाम सुरू झाला की उसाचे ट्रॅक्टर रात्रभर गाणी लावून जातात आणि ती गाणी खोलीच्या आवाजात कायमची मिसळतात. एप्रिल-मेमध्ये ट्रॅक्टर नाहीत, पण पंखा बंद करून दहा मिनिटंही बसवत नाही आणि घामाने चेहऱ्याची कंटिन्युइटी तुटते. सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरचा पहिला पंधरवडा त्यातल्या त्यात बरा, फक्त नवरात्राच्या तारखा आधी बघून घ्या. फ्रिज बंद करताना गाडीची किल्ली त्यातच ठेवा, म्हणजे निघताना तो सुरू करायचा राहत नाही. शॉट संपला की सगळ्यांना स्तब्ध बसवून मिनिटभर रिकाम्या खोलीचा आवाज घ्या. श्वास दुसऱ्या दिवशी, कपड्यांत, खुर्चीवर बसवून स्वतंत्र रेकॉर्ड करा: माईक तोंडापासून एक वीत, पण समोर धरायचा नाही, गालाच्या बाजूने. समोर धरला तर हवेचा फटका बसतो. दोघांचे श्वास वेगवेगळ्या ट्रॅकवर ठेवा, म्हणजे संकलनात एकाचा थांबवून दुसऱ्याचा चालू ठेवता येतो. चौथ्या पायरीवर विलासचा ट्रॅक दोन सेकंद पूर्ण बंद करून बघा. पार्श्वसंगीताची गरज उरत नाही.

पाहून झाल्यावर प्रसंग ‘थंड’ वाटला तर बहुतेक वेळा गती चुकलेली असते. सुरुवातीचं अंतर फार लवकर तुटलं, एवढंच. चार फुटांवरचा संवाद वीस सेकंदांनी वाढवा. ‘ओंगळ’ वाटला तर कॅमेरा पात्राच्या नजरेपासून सुटून अंगावर रेंगाळलाय. तो शॉट कापा, दुरुस्त होत नाही.

रंगमंचावर करायचं तर

भावे नाट्यमंदिरासारख्या सभागृहात शेवटच्या रांगेला मनगट दिसत नाही. तिथे अंगठ्याचं थांबणं चालणार नाही. पाटल्यांचा आवाज वापरा. पहिल्या प्रवेशात सुमनच्या हातात पाटल्या-बांगड्या वाजतात हे प्रेक्षकाच्या कानावर पडू द्या आणि या प्रसंगात हात हलूनही काही वाजत नाही हे ऐकू द्या. स्पर्श अगदी कमी ठेवला तरी चालतो. नाट्यपदांच्या जमान्यात दोन पात्रं चार हात अंतरावरून प्रेम उभं करत आणि आपला प्रेक्षक ते वाचायला अजून विसरलेला नाही. प्रयोगाआधी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. संहितेत कृती नेमक्या लिहिलेल्या असल्या तर तिथला प्रश्नोत्तराचा वेळ वाचतो. ‘प्रणय करतात’ एवढ्या मोघम ओळीवरच शंका येते.

लघुपट सार्वजनिक ठिकाणी दाखवायचा तर सेन्सॉर प्रमाणपत्र हवं. यूट्यूबवर टाकण्याआधी माहिती तंत्रज्ञान कायद्याची ६७ आणि ६७अ ही कलमं वकिलाकडून समजून घ्या. ६७अ खाली पहिल्याच गुन्ह्याला पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो.

न वापरलेलं फुटेज हा शेवटचा मुद्दा आणि इथेच घाई नडते. कार्ड संकलकाकडे देताना कॉपी किती झाल्या, कोणत्या डिस्कवर, हे वहीत लिहून सही घ्या. गूगल ड्राइव्हची लिंक फिरवू नका. संकलनाला दोघा कलाकारांची लेखी मान्यता आली की राहिलेले टेक त्यांच्या समोर पुसा, कार्ड कॅमेऱ्यात पुन्हा फॉरमॅट करा आणि त्यावर दुसरंच काहीतरी, भिंत किंवा अंगण, पूर्ण भरेपर्यंत रेकॉर्ड करा. नुसतं डिलीट केलेलं फुटेज परत काढता येतं.